निवृत्तीचे पैसे नेमके कोणत्या नियमाखाली अडवले?

निवृत्त कर्मचाऱ्याचे पैसे अडतात तेव्हा बहुतेक वेळा ते अडवल्याचा कोणताही आदेश निघालेला नसतो. प्रस्ताव कुठल्यातरी टेबलावर पडून असतो, त्रुटीत परत आलेला असतो किंवा मूळ सेवापुस्तकच दोन कार्यालयांच्या मध्ये कुठेतरी अडकलेले असते, आणि चौकशीला गेलेल्या माणसाला "वरून आलं नाही अजून" एवढेच तोंडी उत्तर मिळते. नोकरीची बरीच वर्षे मी आस्थापना शाखेत काढली आणि पेन्शनचे प्रस्ताव स्वतः तयार केले. आता निवृत्तीनंतर परिचितांचे अर्ज लिहून देताना मला ठामपणे असे वाटू लागले आहे की, ही सगळी लढाई एका प्रश्नाच्या लेखी उत्तरावर उभी असते: माझी कोणती रक्कम, कोणत्या नियमाच्या आधारे, कोणाच्या आदेशाने थांबवली आहे? जोपर्यंत हा प्रश्न कागदावर विचारला जात नाही आणि त्याची पोच हातात येत नाही, तोपर्यंत चांगल्यातल्या चांगल्या वकिलालाही आव्हान देण्यासारखे काही सापडत नाही.

मुळात "निवृत्तीचे पैसे" ही एक रक्कम नसते, हे ध्यानात घेतले पाहिजे. मासिक निवृत्तिवेतन, त्याचे अंशराशीकरण (म्हणजे पेन्शनचा काही भाग आगाऊ एकरकमी घेणे), सेवानिवृत्ती उपदान म्हणजे आपण ज्याला ग्रॅच्युइटी म्हणतो ते, शिल्लक अर्जित रजेचे रोखीकरण, भविष्य निर्वाह निधीतील जमा आणि गटविमा योजनेची रक्कम, अशा या वेगवेगळ्या देय रकमा असून प्रत्येकीचा नियम वेगळा आहे. रजा रोखीकरणाची मर्यादा ३०० दिवसांची आहे, तर राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांच्या उपदानाची कमाल मर्यादा १ सप्टेंबर २०२४ पासून १४ लाखांवरून २० लाख रुपये झाली आहे. (१ नोव्हेंबर २००५ रोजी किंवा त्यानंतर नियुक्त झालेल्यांना लागू असलेल्या अंशदायी पेन्शनचा विषय स्वतंत्र असल्याने तो येथे घेत नाही.) कार्यालय मात्र एखाद्या रकमेबाबत अडचण निघाली की सगळाच प्रस्ताव बाजूला ठेवते, आणि कर्मचारीही "माझी पेन्शन अडली" असा एकच मोघम अर्ज देतो. अर्जात प्रत्येक रक्कम स्वतंत्र लिहून प्रत्येकीबद्दल स्वतंत्र कारण मागावे, कारण उपदान थांबवण्याचे जे कारण असते ते भविष्य निर्वाह निधीला क्वचितच लागू पडते. त्या निधीला तर १९२५ च्या भविष्य निर्वाह निधी अधिनियमाचे संरक्षण आहे.

निवृत्तिवेतन ही सरकारची मेहेरबानी नसून कर्मचाऱ्याची मालमत्ता आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने देवकीनंदन प्रसाद विरुद्ध बिहार राज्य या प्रकरणात १९७१ सालीच सांगितले. १७ डिसेंबर १९८२ रोजी तेच पुन्हा ठामपणे सांगणारा डी. एस. नाकरा प्रकरणाचा निकाल आला आणि तो दिवस आजही पेन्शनर दिन म्हणून पाळला जातो. पुढे २०१३ मध्ये झारखंड राज्य विरुद्ध जितेंद्रकुमार श्रीवास्तव या निकालात न्यायालयाने कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता हिरावता येत नाही, असे सांगणाऱ्या राज्यघटनेच्या अनुच्छेद ३००-अ चा आधार घेऊन असे ठरवले की, निवृत्तिवेतन, उपदान किंवा रजा रोखीकरण यांचा कोणताही भाग कायद्यातील स्पष्ट तरतुदीशिवाय, नुसत्या परिपत्रकाच्या किंवा प्रशासकीय सूचनेच्या बळावर रोखता येणार नाही.

हा २०१३ चा निकाल निवृत्तांच्या व्हॉट्सॲप गटांतून सतत फिरत असतो आणि पुष्कळ लोक तो जसाच्या तसा आपल्या अर्जाला जोडतात. येथे सावध राहण्याची गरज आहे. त्या प्रकरणात चौकशी चालू असताना रक्कम रोखण्याची तरतूद तिथल्या नियमांत नव्हती, म्हणून कर्मचारी जिंकला. आपल्याकडे महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधील नियम १३० मध्ये तशी तरतूद आहे. विभागीय किंवा न्यायिक कार्यवाही प्रलंबित असेल तर ती संपून अंतिम आदेश होईपर्यंत उपदान देता येत नाही, असे हा नियम सांगतो, आणि त्या काळात अंशराशीकरणही होत नाही. परंतु त्याच नियमाची दुसरी बाजू कार्यालये सोयीस्करपणे विसरतात. कार्यवाही प्रलंबित असली तरी कर्मचाऱ्याला तात्पुरते निवृत्तिवेतन द्यावेच लागते. तेव्हा "तुमच्यावर चौकशी आहे, म्हणून काहीच मिळणार नाही" हे वाक्य नियमाला धरून नाही. चौकशी असलेल्या माणसाने पहिला अर्ज तात्पुरत्या निवृत्तिवेतनासाठी द्यावा, आणि त्यात नियम १३० चा उल्लेख स्वतःहून करावा.

त्याहून महत्त्वाचा मुद्दा असा की, कार्यवाही "प्रलंबित" आहे हे कधी म्हणता येते, याची व्याख्या नियम २७ मध्येच दिलेली आहे. दोषारोपपत्र बजावले त्या तारखेला, किंवा कर्मचारी त्याआधीपासून निलंबित असेल तर निलंबनाच्या तारखेला, विभागीय कार्यवाही सुरू झाली असे मानले जाते. फौजदारी प्रकरणात दंडाधिकारी ज्या तक्रारीची किंवा पोलीस अहवालाची दखल घेतात, ती तक्रार किंवा तो अहवाल दाखल झाल्याची तारीख धरली जाते. याचा अर्थ प्राथमिक चौकशी, कारणे दाखवा नोटीस, कोणीतरी केलेला निनावी अर्ज किंवा पोलीस ठाण्यात नुसताच नोंदवलेला गुन्हा यांपैकी कशालाही या नियमाखाली प्रलंबित कार्यवाही म्हणता येत नाही. "चौकशी प्रस्तावित आहे" अशा तीन शब्दांच्या शेऱ्यावर उपदान वर्षानुवर्षे थांबल्याची प्रकरणे मी पाहिली आहेत. त्या शेऱ्याची प्रत मागून घेतली की त्यातला पोकळपणा उघड होतो, कारण दोषारोपपत्राचा क्रमांक आणि दिनांक लिहा म्हटले की कार्यालयाकडे लिहायला काही नसते. निवृत्तीनंतर नव्याने चौकशी सुरू करायची असेल तर शासनाची मंजुरी लागते आणि चार वर्षांपेक्षा जुन्या घटनेबद्दल ती सुरूच करता येत नाही, हेही याच नियमात आहे. जी चौकशी आधीपासून खरोखर चालू आहे ती रेंगाळू नये म्हणून प्रेमनाथ बाली प्रकरणातील निकाल उपयोगी पडतो. विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत आणि फार तर एका वर्षात संपवावी, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात म्हटले आहे.

चौकशीपेक्षाही जास्त माणसे अडकतात ती वसुलीत. निवृत्तीच्या उंबरठ्यावर सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे जाते आणि पंधरा-वीस वर्षांपूर्वीची वेतननिश्चिती चुकल्याचा आक्षेप निघतो. एका निवृत्त प्राथमिक शिक्षिकेचे सेवापुस्तक माझ्यासमोर होते. त्यांची बारा वर्षांनंतरची वरिष्ठ वेतनश्रेणी, म्हणजे शिक्षक जिला चटोपाध्याय वेतनश्रेणी म्हणतात ती, मंजूर करताना विनावेतन रजेचा काही काळ वजा करायचा राहिला होता. त्या पानावर मंजुरीची नोंद होती, खाली अधिकाऱ्याची सही आणि शिक्का होता, आणि अनेक वर्षांनी समासात लाल शाईने लिहिलेला आक्षेप होता. मधल्या प्रत्येक वेतन आयोगाची निश्चिती त्या चुकलेल्या आकड्यावर चढत गेली आणि शेवटी पावणेदोन लाख रुपयांची वसुली उपदानातून करण्याचे ठरले. नोंद करणारा लिपिक, तपासणारा आणि सही करणारा अधिकारी यांच्यापैकी कोणालाही त्याचा जाब विचारला गेला नाही. बाईंना मात्र शाखेतून सांगण्यात आले, "बाई, वसुली मान्य आहे असं लिहून द्या, बाकीचे पैसे आठवड्यात काढतो."

हे संमतिपत्र लिहून देऊ नये. पैशांची निकड असते, मुलीचे लग्न किंवा घराचे कर्ज डोक्यावर असते, आणि म्हणून पुष्कळजण सही करून मोकळे होतात. पण नंतर न्यायालयात तोच कागद कार्यालय पुढे करते. पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या १८ डिसेंबर २०१४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने जादा दिलेल्या वेतनाची वसुली कोणत्या परिस्थितीत करता येणार नाही ते स्पष्ट केले आहे. वर्ग तीन आणि वर्ग चारच्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्या किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्या कर्मचाऱ्यांकडून, आणि जादा प्रदान पाच वर्षांहून अधिक काळ होत राहिले असेल तर, अशी वसुली अनुज्ञेय नाही. बाईंना या तिन्ही कसोट्या लागू होत होत्या. त्यांनी या निकालाचा उल्लेख करून हरकत नोंदवली, तेव्हा वेतन आयोगाच्या विकल्पासोबत, म्हणजे नवी वेतनश्रेणी स्वीकारल्याच्या लेखी पर्यायासोबत, त्यांनी दिलेले "जादा रक्कम आढळल्यास परत करीन" हे वचनपत्र दाखवून कार्यालयाने लेखी नकार दिला. वचनपत्राचा हा आधार जगदेव सिंग या २०१६ च्या निकालातून येतो, आणि त्याला उत्तर द्यावेच लागते. जगदेव सिंग हे न्यायिक अधिकारी होते, वर्ग तीनचे कर्मचारी नव्हते, हा फरक ठळकपणे मांडायचा असतो. शिवाय थॉमस डॅनियल विरुद्ध केरळ राज्य या २०२२ च्या निकालातही न्यायालयाने शिक्षकाकडून निवृत्तीनंतर होणारी वसुली रद्द केली, कारण कर्मचाऱ्याने फसवणूक किंवा चुकीची माहिती दिलेली नव्हती आणि चूक कार्यालयाची होती. बाईंच्या प्रकरणात तो लेखी नकारच कामाला आला. आव्हान देण्यासारखा आदेश त्यांच्या हाती आला, याचिका दाखल झाली, वसुलीला स्थगिती मिळाली आणि वादात नसलेले उरलेले उपदान त्यांच्या खात्यावर जमा झाले.

आता हा लेखी कागद मिळवायचा कसा, त्याविषयी. पहिला अर्ज कार्यालयप्रमुखांच्या नावे द्यावा, आवक शाखेत दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्यावी, आणि घेत नसतील तर स्पीड पोस्टाने पोच देय पाठवावा. पंधरा-वीस दिवसांत काही हालचाल दिसली नाही तर माहिती अधिकाराचा अर्ज करावा. दहा रुपयांच्या या अर्जात "माझे पैसे का दिले नाहीत" असे विचारले तर उत्तर टाळता येते. त्याऐवजी आपल्या प्रस्तावाच्या नस्तीवरील, म्हणजे फाईलवरील, सर्व टिपण्यांच्या प्रती, ती नस्ती कोणत्या तारखेला कोणाकडे गेली याची नोंद, त्रुटीच्या प्रत्येक पत्राची प्रत आणि रक्कम थांबवण्याच्या आदेशाची प्रत मागावी. असा आदेश नसल्यास "आदेश उपलब्ध नाही" असे कळवावे, असेही लिहावे. तीस दिवसांत हे एक वाक्य लेखी आले तरी अर्धे काम झाले. त्याच्या जोडीला २००५ चा बदल्यांचा आणि विलंबास प्रतिबंध करणारा अधिनियम, म्हणजे ज्याला आपण दप्तर दिरंगाईचा कायदा म्हणतो तो, आपल्याला माहीत आहे हे कार्यालयाला कळू द्यावे. त्याच्या कलम १० नुसार सर्वसाधारण नस्ती कोणत्याही कर्मचाऱ्याकडे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त पडून राहता कामा नये, आणि हेतुपुरस्सर विलंब केल्यास शिस्तभंगाची कारवाई होऊ शकते.

निवृत्त माणूस अर्जात सहसा मुद्दलच मागतो, व्याज मागायचे त्याला संकोचाचे वाटते. हा संकोच करू नये. प्रशासकीय दिरंगाईमुळे उपदान आणि निवृत्तिवेतन उशिरा मिळाले तर त्यावर व्याज देण्याची तरतूद १९८२ च्या नियमांतच, नियम १२९-अ आणि १२९-ब मध्ये आहे. केरळ राज्य विरुद्ध पद्मनाभन नायर हे प्रकरण मला या बाबतीत फार बोलके वाटते. कोषागाराने अंतिम वेतन प्रमाणपत्र वेळेवर न दिल्याने त्या कर्मचाऱ्याचे पैसे दोन वर्षांहून अधिक काळ अडकले होते. निवृत्तीची तारीख आधीपासून माहीत असते, तेव्हा कागदपत्रे आधीच तयार ठेवणे अवघड नाही, आणि निवृत्तीनंतर दोन महिने उलटले की बाजारदराने व्याज देण्याची जबाबदारी सुरू होते, असे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. तरीही त्या कर्मचाऱ्याला बारा टक्के मागूनही सहाच टक्के मिळाले, कारण खालच्या न्यायालयाने सहा टक्के मंजूर केल्यावर त्याने उच्च न्यायालयात त्याविरुद्ध आक्षेप घेतला नव्हता. पुढे एस. के. दुआ विरुद्ध हरियाणा राज्य या २००८ च्या निकालाने हेही स्पष्ट केले की, व्याजाचा नियम नसला तरी राज्यघटनेच्या आधारे व्याज मागता येते. म्हणून पहिल्या अर्जापासूनच व्याजाची मागणी, दरासह आणि कोणत्या तारखेपासून ते नमूद करून, लिहिलेली असावी.

न्यायालयात जाण्याआधीचा एक मार्ग फारसा वापरला जात नाही. १९७१ च्या महाराष्ट्र लोकायुक्त आणि उप-लोकायुक्त अधिनियमाने सेवाविषयक तक्रारी लोकायुक्तांच्या कक्षेबाहेर ठेवल्या, पण निवृत्तिवेतन, उपदान, भविष्य निर्वाह निधी आणि निवृत्तीमुळे निर्माण होणाऱ्या इतर मागण्या त्यातून जाणीवपूर्वक वगळल्या. म्हणजे या विषयांवर लोकायुक्तांकडे तक्रार करता येते, आणि तिथून अहवाल मागवणारे पत्र आले की गठ्ठ्यातली नस्ती बहुधा वर येते. जिल्हा परिषदांच्या पेन्शन अदालतींचाही किरकोळ त्रुटींसाठी उपयोग होतो. मात्र तिथे दिलेले आश्वासन इतिवृत्तात लिहून घेतले पाहिजे.

न्यायालयाची पायरी चढायची वेळ आली की कोणत्या दाराशी जायचे यात अनेकांची गफलत होते. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याने महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जायचे असते. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे त्याची पीठे आहेत. जिल्हा परिषद, नगरपरिषद किंवा अनुदानित शाळेच्या कर्मचाऱ्याला मॅटमध्ये दाद मागता येत नाही. त्याने राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करायची असते. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांतील लोकांना त्यासाठी मुंबई गाठावी लागत असे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाल्याने सत्तरीच्या माणसाची ती फरफट थांबली आहे, याचा मला मनापासून आनंद आहे. वकिलाची फी परवडत नसेल तर विधी सेवा समितीकडे जावे. महिला आणि अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत साहाय्य मिळते.

खासगी आस्थापनेतल्या माणसाचा मार्ग निराळा आहे. १९७२ च्या उपदान प्रदान अधिनियमाप्रमाणे देय झाल्यापासून तीस दिवसांत ग्रॅच्युइटी द्यावी लागे, आणि उशीर झाल्यास साधारणपणे दहा टक्के सरळव्याज मिळे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्या अधिनियमाची जागा सामाजिक सुरक्षा संहितेने घेतली असली तरी तीस दिवसांची मुदत कायम आहे. पैसे न मिळाल्यास कामगार विभागातील सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करता येतो आणि मालकाने आदेश पाळला नाही तर जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत वसुली होते. खासगी विनाअनुदानित शाळांतील शिक्षकांनीही "आम्हाला ग्रॅच्युइटी नाही" हे संस्थाचालकांचे म्हणणे ऐकून घेऊ नये. २००९ च्या दुरुस्तीने ३ एप्रिल १९९७ पासून शिक्षकांना या कायद्याचा लाभ दिला गेला आणि ऑगस्ट २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती वैध ठरवली.

या सगळ्यात मुदतीकडे दुर्लक्ष झाले तर चांगले प्रकरण हातचे जाते. मॅटमध्ये अंतिम आदेशापासून एका वर्षात अर्ज करावा लागतो. निवेदनाला उत्तर आले नाही तर सहा महिने वाट पाहून त्यापुढचे एक वर्ष मिळते. दरमहा कमी मिळणारे निवृत्तिवेतन हा सतत चालू राहणारा अन्याय मानला जात असल्याने त्याबाबत उशिराही दाद मिळू शकते, परंतु तरसेम सिंग या २००८ च्या निकालानुसार थकबाकी सहसा याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. उपदानाच्या किंवा रजा रोखीकरणाच्या एकरकमी मागणीला ही सवलत गृहीत धरू नये. तिथे दरवर्षी स्मरणपत्र पाठवत राहिल्याने मुदत वाढत नाही. आणि निकाल बाजूने लागल्यावर त्याची प्रमाणित प्रत स्वतः कार्यालयात देऊन पोच घ्यावी, आदेशातील मुदत संपण्याची तारीख लिहून ठेवावी, आणि तोवर पैसे जमा झाले नाहीत तर न्यायालयाच्या अवमानाची याचिका एक वर्षाच्या आत दाखल करावी, कारण त्यानंतर ती दाखल करून घेतली जात नाही.